एकही बॅटलशिप उरलेली नाही: लंडन ते ऑर्कनी, सहा दिवस

दिवस १, लंडन

इम्पिरियल वॉर म्युझियमच्या समोरच्या बागेत दोन तोफा मांडून ठेवल्यात, १५ इंची, आणि सकाळी पोचलो तो पाऊण तास मी तिथेच, आत जायचं सुचेचना. एकेक नळी १०० टनांची. गोळा ८७६ किलोचा, म्हणजे एखाद्या छोट्या गाडीच्या वजनाचा, आणि तो २९ किलोमीटर लांब जाऊन पडायचा. सीएसटीवरून डागला तर मुलुंडला. हे भाच्याला सांगितलं तेव्हा कुठे तो मोबाईल खिशात ठेवून नीट बघायला लागला. भाचा रेडिंगला नोकरीला असतो, माझ्यासाठी आठवडाभर सुट्टी काढून आला, त्याच्याशिवाय ही ट्रिप झालीच नसती.

एक तोफ रॅमिलीजवरची, दुसरी रेझोल्यूशनवरची. दोन्ही बॅटलशिप, म्हणजे जड तोफांची आणि जाड चिलखताची सगळ्यात मोठी लढाऊ जहाजं, दोन्ही महायुद्धांत होत्या, आणि दुसरं संपल्यावर दोन-चार वर्षांत दोन्ही तोडल्या. नळ्या तेवढ्या इथे आल्या.

मी इथे का आलो ते सांगतो. माझे बाबा मुंबईच्या नेव्हल डॉकयार्डात फिटर होते, ३४ वर्षं. आमच्या घरात जहाजांच्या गोष्टी म्हणजे रोजचा वरणभात. कुठलंही माप ते बोटांनीच दाखवायचे, दोन बोटं, चार बोटं, वीत, आणि नंतर पट्टी लावली तर तेवढंच भरायचं. त्यांच्याकडे इंग्रजी जहाजांच्या चित्रांची एक जुनी वही होती, पेपरातली कात्रणं चिकटवलेली, त्यात ड्रेडनॉट, वॉरस्पाइट, हूड, व्हॅनगार्ड, आणि मला लहानपणी वाटायचं ही सगळी जहाजं इंग्लंडला अजून बंदरात उभी असतील, कधीतरी जाऊन बघू. मोठा झाल्यावर कळलं एकही नाही. अमेरिकेने आठ बॅटलशिप जपून ठेवल्यात. जपानमध्ये योकोसुकाला मिकासा आहे, आणि ती तर बांधलीच इंग्लंडमध्ये, बॅरोला, १९०० साली पाण्यात सोडली. पण पोलादी बॅटलशिपचं सगळ्यात मोठं आरमार ज्यांनी उभं केलं त्यांच्याकडे स्वतःची एकही नाही. असं कसं झालं हे मला त्या जागी जाऊन बघायचं होतं.

दुपारी थेम्समधली बेलफास्ट बघितली. सुंदर ठेवलीय, बॉयलर रूमपर्यंत उतरता येतं. पण ती क्रूझर, ६ इंची तोफांची, बॅटलशिपची धाकटी बहीण म्हणा. १९४३ च्या डिसेंबरात नॉर्वेच्या वर, काळोखात आणि वादळात, जर्मनांची शार्नहॉर्स्ट बुडवली त्यात ही होती, पण मुख्य मार ड्यूक ऑफ यॉर्क या बॅटलशिपच्या १४ इंची तोफांचा. ती ड्यूक ऑफ यॉर्कही भंगारात गेली, बेलफास्ट राहिली.

दिवस २, पोर्ट्समथ

वॉटर्लूवरून ट्रेन पकडली ती थेट पोर्ट्समथ हार्बर स्टेशन, आणि प्लॅटफॉर्मवरून बाहेर पडतो न पडतो तोच समोर काळीभोर लांबलचक वॉरियर. स्टेशन पाण्यावरच आहे, वॉरियर त्याच्या शेजारी बांधलेली. भाच्याला कॉफी हवी होती, त्याला म्हटलं तू घे, मी पुढे होतो.

वॉरियर १८६० च्या डिसेंबरात पाण्यात सोडली, इतकी थंडी होती की ती घसरणीवरच गोठून बसली आणि टग लावून ओढावी लागली. त्याच्या आदल्या वर्षी फ्रेंचांनी ग्लोआर काढली होती, लाकडी जहाजावर लोखंडी पत्रे ठोकलेली. इंग्रजांनी उत्तर दिलं ते आख्खं जहाजच लोखंडाचं करून. बाजूला साडेचार इंची लोखंडी चिलखत आणि त्याच्या मागे १८ इंच साग! हो, साग. गोळा बसला की लोखंडाचा हादरा त्या लाकडाने खायचा. आत एका ठिकाणी हा सगळा थर दिसतो, मी तिथे बोटं लावून मोजलं, बाबांसारखं.

तोफांच्या डेकवर दोन तोफांच्या मधे जेवायची टेबलं टांगलेली, त्याच जागी झोपायचं, त्याच जागी लढायचं, ७०० माणसं. शिडंही आहेत आणि वाफेचं इंजिनही, कारण कोळशावर भरवसा नव्हता. शिडावर चालवायची तर पंखा पाण्यात आडवा येतो म्हणून तो वर उचलून घ्यायचा, आणि तो उचलायला ६०० पर्यंत माणसं दोराला लागायची. मी हे वाचून तिथेच उभा राहिलो, डोळ्यांपुढे सहाशे माणसं दोर ओढताना आली. धुराडीसुद्धा दुर्बिणीसारखी खाली दाबता यायची.

आणि एवढं करून हिने लढाईत एकही गोळी झाडली नाही. दहाएक वर्षांत ती जुनी झाली. १८७१ ला डेव्हास्टेशन पाण्यात गेली, तिला शिडंच नव्हती, नुसतं वाफेवर समुद्र ओलांडणारी. म्हणजे जगातलं सगळ्यात दणकट जहाज, आणि ते काढून ठेवायला शत्रूची गरजच पडली नाही, स्वतःच्याच पुढच्या जहाजाने काढलं. नंतर वॉरियर वेल्समधे पेम्ब्रोक डॉकला तेलाच्या जहाजांसाठी धक्का म्हणून पडून होती, पन्नास वर्षं, नावसुद्धा काढून नंबर दिलेला, सी ७७. त्या नंबरामुळेच वाचली असं मला वाटतं, कुणाच्या तोडायच्या यादीत तिचं नावच आलं नाही. १९७९ ला तिथून हलवली, आठ वर्षं दुरुस्ती, १९८७ ला इथे आणली.

जेवण डब्यातलं, भाच्याच्या बायकोने थालीपीठं दिली होती, वॉरियरकडे तोंड करून बाकावर बसून खाल्ली. मग व्हिक्टरी, ॲडमिरल नेल्सनचं जहाज.

व्हिक्टरी सध्या झाकलेली आहे, बाहेरून मचाण आणि आच्छादन, डोलकाठ्या उतरवलेल्या, कारण लाकूड कुजतंय, बुरशी आणि भुंगा दोन्ही लागलेत, तिची मोठी दुरुस्ती चालू आहे ती दहाएक वर्षं चालणार. फोटो काढायला आलेले काही जण हळहळत होते. मला उलट ते आवडलं, जहाज दुरुस्त होताना बघायला मिळतं कुठे? गोदीत खाली उतरून तिच्या पोटाखालून चालता येतं, शंभरावर पोलादी टेकू लावलेत, प्रत्येक टेकू तिचा किती भार घेतोय ते मोजतो. बाबा असते तर इथून हललेच नसते.

आकडे सांगतो. बांधायला घेतली १७५९ ला चॅटममधे, पाण्यात १७६५, सुमारे ६००० झाडं लागली, बहुतेक ओक. फ्रेंच आणि स्पॅनिश आरमाराला हरवलं त्या ट्रॅफल्गारच्या लढाईच्या दिवशी, २१ ऑक्टोबर १८०५, १०४ तोफा आणि ८२० च्या आसपास माणसं. नेल्सनला जिथे गोळी लागली तिथे डेकवर पितळी पाटी आहे, आणि जिथे तो तीन तासांनी मेला ती जागा खाली, पाण्याच्या रेषेखाली, तिथे ताठ उभं राहता येत नाही. सगळ्यात खालच्या तोफांच्या डेकवर सगळ्यात जड तोफा, त्यांचा गोळा ३२ पौंडांचा म्हणजे साडेचौदा किलो. काल बघितलेला ८७६ किलो. मधे फक्त ११० वर्षं!

एक गोष्ट मनातून जात नव्हती ती इथे लिहितो. व्हिक्टरीच्या आधी तीन वर्षं, १७५६ च्या फेब्रुवारीत, असल्याच इंग्रजी लढाऊ जहाजांचा ताफा ॲडमिरल वॉटसनने विजयदुर्गावर आणला. तुळाजी आंग्र्यांचं आरमार किल्ल्याखाली उभं होतं, एका जहाजाला आग लागली आणि ती सगळ्या ताफ्यात पसरली, एका दिवसात आंग्र्यांचं आरमार जळून गेलं. आणि नानासाहेब पेशव्यांनीच इंग्रजांशी हातमिळवणी केलेली होती, हे वाचलं की मला आजही त्रास होतो. शाळेत असताना विजयदुर्गाला गेलो होतो, पडकोटावरून खाडी बघितली होती. आज व्हिक्टरीच्या तोफेच्या झरोक्यातून बाहेर बघताना तीच खाडी आठवली, त्या दिवशी समोरून हे असं दिसत असणार, दोन मजले तोफांचे.

संध्याकाळी हॉटेलवर आल्यावर भाच्याला जॅकी फिशर सांगितला. हा माणूस श्रीलंकेत जन्मला १८४१ साली, तेरा वर्षांचा असताना नेव्हीत भरती झाला तो याच व्हिक्टरीवर. १८६३ ला वॉरियरवर तोफखान्याचा अधिकारी. आणि १९०४ ला आख्ख्या नेव्हीचा प्रमुख झाल्यावर याच पोर्ट्समथच्या गोदीत त्याने ड्रेडनॉट बांधून घेतली. आज आम्ही दोन जहाजं बघितली ती दोन्ही याच्या पायाखालची, तिसरी असती तर...

भाचा म्हणाला, "मामा, तू हे सगळं कधी वाचलंस?" म्हटलं वाचलं नाही रे, निम्मं तुझ्या आजोबांनी सांगितलं, लोड शेडिंगमधे.

दिवस ३, पोर्ट्समथच

आज ड्रेडनॉटचा दिवस, म्हणजे तिच्या नसण्याचा. २ ऑक्टोबर १९०५ ला कणा ठेवला, १० फेब्रुवारी १९०६ ला राजा सातव्या एडवर्डने पाण्यात सोडली आणि ३ ऑक्टोबरला ती चाचणीसाठी समुद्रात. एक वर्ष आणि एक दिवस! आपल्याकडे एवढ्यात फ्लायओव्हरचा एक खांब होत नाही. तोवरच्या बॅटलशिपला १२ इंची तोफा चार असायच्या, हिला दहा. पिस्टनच्या इंजिनाऐवजी वाफेचं टर्बाइन, वेग २१ नॉट, म्हणजे ताशी ३९ किलोमीटर. तिच्यासमोर जगातल्या सगळ्या बॅटलशिप एका फटक्यात जुन्या झाल्या, आणि जगात सगळ्यात जास्त बॅटलशिप कुणाकडे होत्या तर इंग्रजांकडेच. लॉर्ड नेल्सन आणि ॲगमेम्नॉन अशा दोन तर तेव्हा बांधून व्हायच्या होत्या, त्या १९०८ ला नेव्हीत आल्या तेव्हाच जुन्या होत्या. जर्मनांना जे शंभर वर्षांत गाठता आलं नसतं ते अंतर फिशरने स्वतः पुसून दिलं, आता दोघांनी शून्यापासून मोजायचं. काही लोक म्हणतात मूर्खपणा केला. मला तसं वाटत नाही, अमेरिकन आणि जपानी तसल्याच जहाजांची आखणी करतच होते, कुणीतरी काढणारच होतं, मग आपण आधी का नको. पण तिथून जी शर्यत लागली, १९०९ ला तर लंडनच्या रस्त्यावर लोक आठ बॅटलशिप पाहिजेत, थांबणार नाही म्हणून ओरडत होते, त्यात दोन्ही देशांचा पैसा वाहून गेला आणि वैर वाढलं ते वेगळंच.

१९१६ ला इंग्रज आणि जर्मन आरमारं जटलंडला समोरासमोर भिडली, त्या लढाईत ड्रेडनॉट स्वतः नव्हतीच, दुरुस्तीला होती. तिने बुडवलं काय तर एक पाणबुडी, १९१५ ला, तीसुद्धा धडक मारून. १९२१ ला भंगारात विकली. पंधरा वर्षं.

म्युझियममधे हूडची घंटा आहे. हूड १९१८ ला पाण्यात सोडली, वीस वर्षं जगातलं सगळ्यात मोठं लढाऊ जहाज, लोकांचा फार जीव होता तिच्यावर. २४ मे १९४१ ला जर्मन बॅटलशिप बिस्मार्कसमोर काही मिनिटांत फुटली. १४१८ माणसं होती, तीन वाचली. घंटा २०१५ ला समुद्राच्या तळातून वर काढली, पावणेतीन किलोमीटर खोलीवरून. मी घंटेसमोर हात जोडले, सवयीने जुळले, देवळात जुळतात तसे.

मग बंदरात बोटीची फेरी. ग्रे रंगाची विमानवाहू प्रिन्स ऑफ वेल्स धक्क्याला उभी होती, ६५,००० टन, मान वर करून बघावी लागते. आधीची प्रिन्स ऑफ वेल्स बॅटलशिप होती. १० डिसेंबर १९४१ ला मलायाच्या किनाऱ्यासमोर तिला आणि तिच्या सोबतच्या रिपल्स या जहाजाला जपानी विमानांनी बुडवलं, भर समुद्रात, चालत्या जहाजांना, एकही जपानी जहाज समोर नव्हतं. ८४० माणसं गेली. बॅटलशिपचा काळ कुठे संपला असं कुणी विचारलं तर मी ही जागा दाखवेन. त्याच्या वर्षभर आधी इंग्रजांनी स्वतःच तारांतोच्या बंदरात २१ स्वोर्डफिश विमानांनी, ती पण कापडाच्या पंखांची, इटलीच्या तीन बॅटलशिप लोळवल्या होत्या, म्हणजे धडा त्यांनीच शिकवला होता. आणि आता तेच नाव विमानवाहूला.

बोट परत येताना बंदराचं तोंड लागतं, तिथे स्टिल अँड वेस्ट नावाचा जुना पब आहे, अगदी पाण्याच्या काठावर. ४ ऑगस्ट १९६० ला इंग्रजांची शेवटची बॅटलशिप व्हॅनगार्ड इथून टगने ओढत तोडायला नेत होते. ही १९४४ ला पाण्यात सोडली, तेव्हाच्या राजकन्या एलिझाबेथच्या हस्ते, तोफा जुन्या, पहिल्या महायुद्धाच्या काळातल्या, गोदामात पडलेल्या होत्या त्या बसवल्या. लढाई संपल्यावर नेव्हीत आली, कुणावरही गोळा न टाकता चौदा वर्षांत निवृत्त. तर त्या दिवशी काठावर लोकांची तोबा गर्दी निरोपाला, आणि ४४,००० टनांची व्हॅनगार्ड टगांच्या हातातून सुटून सरळ या पबच्या दिशेने आली आणि चिखलात रुतून बसली. तासाभराने सोडवली. मग स्कॉटलंडला फासलेनला नेऊन तोडली. त्या भिंतीपाशी उभं राहिलं की कळतं किती जवळ आली असेल, मधलं पाणी म्हणजे आमच्या चाळीच्या अंगणाएवढं.

मला इथे विक्रांत आठवली आणि मग दुसरं काही सुचेना. आपली विक्रांत इंग्लंडलाच बांधलेली, हर्क्युलिस म्हणून १९४५ ला पाण्यात सोडलेली, आपल्याकडे १९६१ ला आली. बाबांनी तिच्यावर किती वर्षं काम केलं, १९७१ च्या आधी तिच्या बॉयलरचं दुखणं त्यांच्या तोंडून ऐकलंय. १९९७ ला निवृत्त, मग म्युझियम, आम्ही गेटवेवरून लाँचने बघायला गेलो होतो, बाबा सगळ्यांना एकेक व्हॉल्व्ह दाखवत होते. २०१४ ला साधारण ६० कोटींना विकली, दारूखान्यात तोडायला घेतली. बाबा तेव्हा ८१ वर्षांचे. म्हणाले मला ने. रे रोड स्टेशनवरून टॅक्सी केली, दारूखान्याच्या गल्लीत पत्र्याच्या फटीतून तिचा एक भाग दिसला, गॅसकटरच्या ठिणग्या पडत होत्या. दहा मिनिटं बघितलं, मला म्हणाले चल. घरी येईपर्यंत बोलले नाहीत. हर्मीस म्हणजे आपली विराट, ती तर १९८२ ला फॉकलंडच्या युद्धाला याच पोर्ट्समथमधून निघाली होती, याच पबसमोरून, हजारो लोक काठावर, आणि तीसुद्धा अलंगला तोडायला गेली. व्हॅनगार्ड का नाही ठेवली म्हणून इंग्रजांना बोलायला आलो होतो, तोंड उघडवेना. पैसा नाही, जागा नाही, लोखंड गंजतं, दर वीस वर्षांनी सुक्या गोदीत घ्यावं लागतं, ही कारणं मला पाठ आहेत आणि एकही पटत नाही.

संध्याकाळी साउथसीचं नेव्हीचं स्मारक. समुद्रात मेलेल्यांना थडगं नाही म्हणून नावं, हजारोंनी, ब्राँझच्या पाट्यांवर हुद्द्याप्रमाणे. खाली 'बॉय' असा हुद्दा आहे. सोळा-सतरा वर्षांची पोरं. भाचा बराच वेळ त्या पाटीपाशी होता.

दिवस ४, हार्टलपूल

काल रात्री लंडनला परत, आज किंग्ज क्रॉसवरून तीन तास ट्रेन. ट्रेन जरा रखडली, त्याचं काही नाही. हार्टलपूलला यायचं कारण ट्रिंकोमाली. ही मुंबईत बांधलेली फ्रिगेट, वाडियांच्या हातची, १२ ऑक्टोबर १८१७ ला मुंबईच्या गोदीत पाण्यात उतरली, आणि आजही पाण्यावर आहे, इंग्लंडमधलं तरंगतं असं सगळ्यात जुनं लढाऊ जहाज. नेपोलियनच्या लढायांत ओक संपत आला होता म्हणून सागाची जहाजं मुंबईत बांधून घ्यायची ठरलं, मलबारी साग. ओकमधल्या आम्लाने लोखंडी खिळे खातात, सागाचं तेल उलट त्यांना जपतं. नकाशे ज्या जहाजातून पाठवले ते जहाज अमेरिकनांनी १८१२ ला वाटेतच उडवलं, मग नकाशे परत काढून पाठवावे लागले. बांधायला घेताना जमशेटजी बमनजी वाडियांनी कण्यात चांदीचा खिळा ठोकला होता, पारशी रिवाजाप्रमाणे.

ही फ्रिगेट, लढाईच्या रांगेत उभं राहणारं मोठं जहाज नव्हे. पण तसलीही मुंबईने बांधली, ७४ तोफांची मिंडेन १८१० ला, एशिया १८२४ ला, ती १८२७ ला नवारिनोच्या लढाईत ॲडमिरलचं जहाज होती. बाबा ज्या डंकन डॉकच्या बाजूला डबा खायचे त्या गोदीतली ही माणसं. खाली पोटात उतरलो आणि फासळीच्या लाकडाचा वास घेतला. आमच्या कोकणातल्या घराच्या माळ्याचा वास. दोनशे वर्षांनी!

अजून एक कळलं तेव्हा वाईट वाटलं. ट्रिंकोमाली नाव बदलून अनेक वर्षं पोर्ट्समथच्या बंदरात पोरांच्या ट्रेनिंगला उभी होती, शेजारी इम्प्लॅकेबल, ७४ तोफांची, ट्रॅफल्गारला फ्रेंचांकडून लढलेली आणि मग इंग्रजांनी पकडलेली. युद्धानंतर तिच्या दुरुस्तीला पैसे कुणी दिले नाहीत. १९४९ च्या डिसेंबरात दोन्ही देशांचे झेंडे लावून तिला बाहेर नेली आणि सुरुंग लावून बुडवली. सागाची वाचली, ओकची गेली.

रात्री एडिनबरा.

दिवस ५, ऑर्कनी

छोटं विमान, खाली ढग आणि मग एकदम हिरवी सपाट बेटं, एक झाड नाही. वारा असा की कानटोपी दोन्ही हातांनी धरायची. बेटांच्या मधे जे पाणी आहे ते स्कापा फ्लो, चहूबाजूंनी जमीन असलेला नैसर्गिक हौद म्हणा, आणि दोन्ही महायुद्धांत इंग्रजांचं मुख्य आरमार इथे. बसमधून पहिल्यांदा दिसलं तेव्हा मी भाच्याला म्हटलं, बाबांच्या वहीतल्या सगळ्या इथे नांगर टाकून होत्या.

कर्कवॉलच्या सेंट मॅग्नस चर्चमधे रॉयल ओकची घंटा आणि नावांचं पुस्तक आहे. मग टॅक्सीने स्कापाचा किनारा. १४ ऑक्टोबर १९३९ च्या रात्री प्रीन नावाच्या जर्मन कप्तानाने यू-४७ पाणबुडी पूर्वेच्या अरुंद खाडीतून आत आणली, तिथे अडथळा म्हणून जुनी जहाजं बुडवून ठेवली होती त्यांच्या फटीतून, आणि नांगरावरच्या रॉयल ओकला टॉर्पेडो मारले. ८३० हून जास्त माणसं गेली, त्यात शंभरावर पोरं, परवाच्या पाटीवरची. जहाज अजून तिथेच, वर एक हिरवा बोया. जवळ जायला, बुडी मारायला बंदी, ते थडगं आहे. नेव्हीचे पाणबुडे दर वर्षी खाली जाऊन झेंडा बदलतात. एवढ्या वर्षांनीही तेलाचा तवंग येतो म्हणतात, आम्हाला बोया दिसला, पाणी शांत होतं.

टॅक्सीवाले काका म्हणाले पुढचं पण बघा, म्हणून चर्चिल बॅरियर्सवरून गेलो. त्या खाड्या नंतर चर्चिलने बुजवल्या, काँक्रीटचे ठोकळे टाकून, काम इटालियन युद्धकैद्यांकडून करून घेतलं, आणि त्यांनीच दोन पत्र्याच्या झोपड्या जोडून आत एवढं देखणं चर्च रंगवलं की बघत राहावं. रस्ता पूर्ण झाला १९४५ च्या मे महिन्यात, युरोपातली लढाई संपल्यावर.

दिवस ६, हॉय बेट

सकाळी हाउटनवरून फेरीने लायनेस. उतरल्यावर समोरच म्युझियम, जुन्या पंपहाऊसमधे. हे पंप तेलाचे. फिशरचं आयुष्यभराचं टुमणं होतं की कोळसा सोडा, तेल वापरा, आणि क्वीन एलिझाबेथ वर्गाच्या बॅटलशिप, त्या पहिल्या दिवसाच्या १५ इंची तोफा ज्यांच्यासाठी काढल्या त्या, पूर्ण तेलावर निघाल्या. कोळसा घरचा होता, वेल्सचा. तेल इराणचं. १९१४ ला इंग्रज सरकारने तिथल्या तेल कंपनीचा निम्म्याहून जास्त हिस्सा विकत घेतला तो या जहाजांपायी. एक भलीमोठी टाकी अजून उभी आहे, आत टाळी वाजवली की किती वेळ घुमते.

मागे टेकडीच्या उतारावर नेव्हीचं कब्रस्तान. ३० मे १९१६ च्या रात्री इंग्रज ॲडमिरल जेलिकोचं आरमार इथून निघालं, दुसऱ्या दिवशी जटलंड, दोन्ही बाजू मिळून २५० जहाजं. इंग्रजांची ६,०९४ माणसं गेली, जर्मनांची २,५५१. इंग्रजांच्यातली ३,३०० च्या आसपास फक्त तीन जहाजांवरची, इंडिफॅटिगेबल, क्वीन मेरी, इन्व्हिन्सिबल. ही बॅटलक्रूझर, फिशरचीच दुसरी कल्पना, तोफा बॅटलशिपच्या पण चिलखत पातळ, त्या बदल्यात वेग. पण नुसतं चिलखत नाही, गोळे भराभर मारता यावेत म्हणून दारूच्या थैल्या कोठाराच्या बाहेर रचून ठेवलेल्या आणि कोठाराची दारं उघडी, वर टरेटवर, म्हणजे तोफांच्या फिरत्या बुरुजावर, गोळा बसला की ज्वाळा सरळ खाली. बाबा हे सांगताना चिडायचे. दार लावायला किती सेकंद लागतात, म्हणायचे. त्यांच्या आयुष्यात एकदा डॉकयार्डात असंच एक दार उघडं राहिलं होतं, ती गोष्ट त्यांनी कधी पूर्ण सांगितली नाही.

जटलंडनंतर जर्मन आरमार फारसं बाहेर आलं नाही, इंग्रजांचा विजय तो एवढाच, आणि तो पुरला. १९१८ ला जर्मनांची ७४ जहाजं कैद करून याच स्कापात आणली. २१ जून १९१९ ला जर्मन खलाशांनीच ती बुडवली, ५२ जहाजं एका दिवसात, स्वतःचे व्हॉल्व्ह उघडून. आणि मग आला कॉक्स नावाचा भंगारवाला. जहाज वर काढण्याचा काहीएक अनुभव नसलेल्या या माणसाने नेव्हीकडून ती बुडालेली जहाजं विकत घेतली आणि १९२४ पासून तीसेक जहाजं वर काढली, भोकं बुजवून आत हवा भरून, उलटीच्या उलटी तरंगवून तशीच ओढत तोडायला नेली. दारूखान्याचा मला राग आहे, तरी या माणसापुढे मान झुकली, खोटं कशाला बोलू.

तीन बॅटलशिप खोल होत्या त्या राहिल्या, कोनिग, क्रोनप्रिन्झ विल्हेल्म, मार्कग्राफ. म्हणजे जटलंडला समोरासमोर उभ्या राहिलेल्या बॅटलशिपपैकी आज कुणाला हात लावायचा असेल तर तो इथे लागतो, पाण्याखाली, आणि त्याही जर्मनांच्या.

परतीच्या फेरीत आमच्या शेजारी एक बाई बसल्या होत्या, पन्नाशीच्या, ओले केस, पायाशी बुडी मारायच्या सामानाची मोठी बॅग. भाच्याने विचारलं कुठे गेला होतात, त्या म्हणाल्या काल मार्कग्राफ. मी मधेच विचारलं, तिचे रिव्हेट दिसतात का. त्या जरा थांबल्या, हे त्यांना कुणी विचारलं नसावं. म्हणाल्या जहाज उलटं पडलंय, वर सगळं शेवाळ आणि शिंपले, दिसत नाहीत नीट, पण हातमोज्यातून लागतात, एका ओळीत. म्हटलं दोन रिव्हेटांच्या मधे अंतर किती? त्यांनी बाकावर हात ठेवला आणि बोटं जुळवून दाखवलं. मी माझा हात शेजारी ठेवला.

चार बोटं.